वाटणीसाठी झाडांचं मूल्यांकन करून घेतलं, त्या सेवेबद्दल

राजापूर तालुक्यात आमची वडिलोपार्जित सहा एकर जमीन आहे. वरच्या अंगाला कातळ आणि वरकस (हलकी माळजमीन), खाली घर, परडं, वहाळ आणि वहाळाच्या दोन्ही बाजूंना कलमांची बाग. वाटणी करायची ठरली तेव्हा भावांचा हिशेब सरळ होता. सहा एकर, तीन वाटे, प्रत्येकी दोन एकर. मुलीला वाटा का, हा प्रश्न कुणी काढला नाही. हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीनं तो निकालात निघाला आहे आणि २०२० मध्ये सुप्रीम कोर्टानं उरलीसुरली शंकाही मिटवली. पण माझ्या दोन एकरांत करवंदीच्या जाळ्या आणि थोडे काजू, तर दादाच्या दोन एकरांत एक्केचाळीस हापूस कलमं. गुंठे तंतोतंत समान आणि वाटणी साफ विषम! फरकाची रक्कम द्या म्हटलं तर दादा म्हणाला, "ताई, झाडांची किंमत कोण ठरवणार? तू की मी?"

दोघांपैकी कुणीच ठरवू नये म्हणून बाहेरचा माणूस आणला. झाडवार मूल्यांकन करून देणारे फार थोडे आहेत आणि अनुभव कुणी लिहीत नाही, म्हणून हे सविस्तर लिहिते आहे. नाव देत नाही, कारण एका मुद्द्यावर आमचं त्यांचं बोलणं अजून मिटलेलं नाही.

आधी इतर पर्याय काय होते ते सांगते. जमिनीच्या व्यवहारातला एक एजंट गडग्यावर उभा राहिला, खाली नजर टाकली आणि म्हणाला, "सगळं मिळून बारा लाख धरा." फुकट सल्ला, त्यामुळे तक्रार नाही. दुसरा पर्याय बँकेच्या पॅनेलवरच्या व्हॅल्युअरचा. मी स्वतः बँकेत कर्ज विभागात नोकरी केली आहे, असे रिपोर्ट ढिगानं वाचले आहेत. घराच्या फरशीचा प्रकार, खिडकीच्या गजांचा प्रकार, सगळं असतं. झाडांसमोर मात्र "लमसम" म्हणून एक गोल आकडा. बँकेला तारण जमिनीचं असतं, तिला झाडांशी कर्तव्य नाही. वाटणीत त्या आकड्याचा उपयोग शून्य.

मग ओळखीतून हे गृहस्थ मिळाले. शासनाच्या कृषी खात्यातून निवृत्त, आता खासगी कामं घेतात. फी बावीस हजार आणि गाडीभाडं वेगळं. आम्ही तिघांनी सारखी वाटून घेतली, आणि असं करणाऱ्या प्रत्येकाला मी तेच सांगेन. एकानंच पैसे भरले की रिपोर्ट त्याचा होतो.

फोनवर त्यांचा पहिला प्रश्न होता, "किंमत कशासाठी हवीय?" मला वाटलं, हे काय विचारणं झालं? झाडाची किंमत ती झाडाची किंमत. पण तसं नसतं, आणि माझ्या मते अर्धी फी या एका प्रश्नाची होती. भूसंपादनात झाड गेलं तर हिशेब वेगळा. २०१३ च्या भूसंपादन कायद्याच्या कलम २९ प्रमाणे कलेक्टर जाणकारांकडून झाडांची किंमत काढून घेतो. आपल्याकडे फळझाडं कृषी खातं बघतं आणि लाकडाची झाडं वन खातं. पुढे कलम ३० खाली भरपाईच्या रकमेवर शंभर टक्के दिलासा रक्कम मिळते. मुंबई–गोवा हायवेच्या कडेला कुणाला झाडामागे किती मिळाले ते ऐकून गावात सगळ्यांच्या डोक्यात जे आकडे बसले आहेत, त्यांत ही दुप्पट धरलेली असते. सरकार जबरदस्तीनं घेतं म्हणून ती देतं. भाऊ बहिणीला देताना ती कुठून आणणार? विक्रीसाठी किंमत हवी असेल तर खंडानं बाग घेणारा किंवा लाकडाचा व्यापारी काय देईल ते बघायचं. आणि वाटणीत झाड तोडायचं नसतं, त्याचं उत्पन्न पुढे कुणाच्या हाती जाणार एवढाच प्रश्न असतो. आमचा हिशेब हा तिसरा.

ते एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात आले. हा महिना त्यांनी मुद्दाम निवडला होता, फळ झाडावर असतं म्हणून. बरोबर एक मदतनीस, टेप, गेरूचा डबा आणि लांब काठी. प्रत्येक झाडाला नंबर, जमिनीपासून १.३७ मीटर उंचीवर घेर, उतारावरचं झाड असेल तर वरच्या अंगानं उंची धरायची, दुबेळकं असेल तर दोन्ही खोडं वेगळी. हे सगळं ते न कंटाळता करत होते. आमचा राखणदार बाळू त्यांच्यामागून फिरत होता आणि त्याची साक्ष ते वहीत उतरवून घेत होते. "ह्यो फणस दोन वर्सां धरलाच नाय बाय," असं तो मला म्हणाला तर तेही लिहून घेतलं. सातबाऱ्यावर वडिलांच्या वेळची "आंबा कलमे २५" अशी नोंद आहे, प्रत्यक्षात निघाली एक्केचाळीस. ती नोंद ई-पीक पाहणीत स्वतःच दुरुस्त करून घ्या, असं त्यांनी न विचारता सांगितलं.

एका कलमापाशी ते बराच वेळ थांबले. वरून झाड हिरवंगार, फळही बऱ्यापैकी. त्यांनी वाकून बुंध्याशी बोट फिरवलं आणि तळहातावर भुसा घेऊन मला दाखवला, ओलसर, तांबूस, लाकडाच्या चुऱ्यासारखा. मग काठीच्या टोकानं सालीवर टकटक केलं. एका ठिकाणी आवाज पोकळ आला. "भिरुड," ते म्हणाले. खोडकिडा आत गेला होता. त्या झाडाला त्यांनी पूर्ण उमेदीचं झाड म्हणून न धरता पुढे तीनच वर्षांचं उत्पन्न धरलं आणि शेऱ्यात लगेच उपचार करायला लिहिलं. दादा बाजूलाच उभा होता. इतकी वर्षं तो त्या झाडाचे आंबे उतरवतो आहे, त्याला पत्ता नव्हता. आणखी दोन झाडांवर बांडगूळ दाखवलं, तिथेही वजावट केली. माझ्यासारखीला यातलं काही कळत नाही, पण बघताना विश्वास बसत गेला.

आता हिशेब. इथेच सगळी भांडणं होतात म्हणून आमच्या सतरा नंबरच्या कलमाचं उदाहरण देते. चांगल्या वर्षी तीस डझन, पडत्या वर्षी सहा. हापूस एक आड एक वर्ष धरतो, म्हणून दोन्हींची सरासरी अठरा डझन. बागेवरचा सरासरी भाव २५० रुपये डझन. दादा उसळला, "आपला आंबा हजारानं जातो!" जातो ना, मार्चमधल्या पहिल्या पेट्या जातात. मेअखेरीस उरलेला माल कॅनिंगला किलोवर जातो, तो कोण धरणार? सगळ्या हंगामाची सरासरी काढली तर २५० च बसतात, हे दादाच्याच जुन्या विक्रीच्या पट्ट्यांवरून त्यांनी दाखवलं. एकूण ४,५०० रुपये. त्यातून खत, फवारण्या, राखण, उतरणी, पेट्या, हमाली, दलाली असे २,६०० गेले. निव्वळ १,९००. त्याला आठानं गुणायचं म्हणजे १५,२००.

हा आठ कुठून आला, असं मी विचारलं. सुप्रीम कोर्टाचा १९९५ चा हरयाणा सरकार विरुद्ध गुरचरण सिंग असा निकाल आहे. झाडांच्या उत्पन्नावरून भरपाई काढताना आठ वर्षांच्या पटीपुढे जायचं नाही, असं त्यात म्हटलं आहे. तो निकाल भूसंपादनातला, वाटणीतला नव्हे, पण दुसरा सर्वमान्य आकडा नसल्यानं तोच वापरतो, असं त्यांनी रिपोर्टात स्पष्ट लिहिलं आहे. मला हे आवडलं. व्हॅल्युअर मंडळी सहसा आकडा देतात आणि तो कशाच्या आधारावर दिला ते गिळून टाकतात. जुन्या, उतरणीला लागलेल्या झाडांना आठाऐवजी कमी पट लावली. न धरणाऱ्या कोवळ्या कलमांना उत्पन्नच नाही, म्हणून लागवडीपासूनचा खर्च धरला. फळांवरून किंमत काढली की त्याच झाडाचं लाकूड पुन्हा मोजायचं नाही, हेही ओघानं आलं.

त्याच निकालातला दुसरा मुद्दा आमच्या जास्त कामाचा होता. जमिनीची किंमत बागायतीच्या दरानं धरली आणि वर झाडांचीही धरली, तर एकच गोष्ट दोनदा मोजली जाते. बागेला जो चढा दर मिळतो तो झाडांमुळेच ना? म्हणून त्यांनी सहाच्या सहा एकरांना आजूबाजूच्या खरेदीखतांवरून मोकळ्या वरकस जमिनीचा दर लावला आणि झाडं स्वतंत्र मांडली. एजंटच्या बारा लाखांत ही गल्लत होती की नव्हती ते त्याचं त्यालाच ठाऊक.

सागाचं गणित वेगळं, लाकडाचं. घेराचा चौथा भाग घ्यायचा, त्याचा वर्ग करायचा आणि सरळ खोडाच्या लांबीनं गुणायचं. १.२ मीटर घेर आणि सहा मीटर लांबी असेल तर ०.५४ घनमीटर, म्हणजे सुमारे एकोणीस घनफूट. वखारीतला दर लावून खूश व्हायचं नाही. तोड, ओढाई, वाहतूक आणि परवानगीचा खर्च वजा करायचा. १९६४ च्या झाडतोड कायद्याच्या अनुसूचीत साग, खैर, ऐन, किंजळ तर आहेतच, पण आंबा, फणस, जांभूळही आहेत. स्वतःच्या जमिनीतलं असलं तरी परवानगीशिवाय तोडता येत नाही. घाटीजवळच्या वडाला त्यांनी शून्य लावला आणि शेरा मारला, "देवस्थान, तोड अपेक्षित नाही."

मध्येच पुतण्यानं मोबाइल पुढे केला. सुप्रीम कोर्टानं म्हणे एका झाडाची किंमत वर्षाला ७४,५०० रुपये ठरवली आहे, आपलं रायवळ आंब्याचं झाड साठ वर्षांचं, म्हणजे ४४ लाख ७० हजार! धाकट्याचे डोळे चमकले, कारण तो क्षणभर ते रायवळ आपल्याच वाट्यात आहे असं समजत होता. साहेबांनी शांतपणे समजावलं. पश्चिम बंगालमध्ये रेल्वे उड्डाणपुलांसाठी ३५६ झाडं तोडायची होती, तेव्हा कोर्टानं नेमलेल्या समितीचा तो अहवाल, २०२१ मध्ये गाजलेला. वर्षाच्या ७४,५०० पैकी ४५,००० तर नुसत्या ऑक्सिजनचे. झाड तोडताना समाजाचं काय जातं ते सरकारला दिसावं म्हणून केलेला तो हिशेब आहे. तो ऑक्सिजन दादाच्या बँक खात्यात जमा होत नाही, तेव्हा त्याचे पैसे दादाकडून मागता येत नाहीत. रायवळाची किंमत साडेचार हजार लागली. पुतण्याला ती अजूनही मान्य नाही, आणि तसं पाहिलं तर त्या झाडाखाली उभं राहिल्यावर मलाही ती मान्य होत नाही. पण वाटणीपत्रावर सावली कुठे लिहिणार?

झाड नेमकं कुठलं हेही हा माणूस पानं-साल बघून, शंका आली तर दुसऱ्याला विचारून लिहितो. हे सांगण्याचं कारण पुसद तालुक्यातलं, रेल्वेसाठी घेतलेल्या जमिनीतलं ते गाजलेलं झाड. रक्तचंदन म्हणून किंमत कोटींत गेली, रेल्वेनं २०२५ मध्ये हायकोर्टात एक कोटी भरले आणि मग बातमी आली की तपासणीत ते बीजासाल निघालं. जातच चुकली तर पुढचा सगळा गुणाकार कितीही बरोबर असो, उपयोग काय?

आता तक्रारी, आणि त्या किरकोळ नाहीत. रिपोर्ट आठवड्यात देतो म्हणाले, हातात पडला तो पाऊस लागल्यावर. दरम्यान फोन केला की "टायपिंगला दिलंय" हे ठरलेलं उत्तर. आला तो इंग्रजीत. धाकट्या भावाला इंग्रजी जमत नाही आणि सही तर तिघांची हवी. मराठी गोषवाऱ्याचे दीड हजार वेगळे घेतले. राजापुरातल्या बागेचा रिपोर्ट इंग्रजीत कुणासाठी लिहितात, देव जाणे.

त्याहून वाईट म्हणजे गेरूचे नंबर. पहिल्या चार सरींतच वाहून गेले. दादाला जुलैमध्ये सतरा नंबरचं झाड पुन्हा बघायचं होतं, तर बागेत कुणाला ते ओळखता येईना. रिपोर्टात नकाशा नाही, झाडवार अक्षांश-रेखांश नाहीत आणि फोटो तिकिटाएवढे. आजकाल साध्या मोबाइलवर जागेची नोंद होते. बावीस हजार घेणाऱ्यानं पत्र्याच्या पट्ट्या तारेनं सैलसर बांधायला काय हरकत होती? शेवटी घेराच्या आकड्यांवरून बाळूनं आणि मी झाडं जुळवली.

आणि तो न मिटलेला मुद्दा म्हणजे बांबू. वरच्या गडग्याच्या कडेनं माणग्याची बेटं आहेत, ती त्यांनी धरलीच नाहीत. "बांबू हे गवत, २०१७ मध्ये वन कायद्यातूनही झाड म्हणून काढलंय." ती दुरुस्ती तोड-वाहतुकीच्या सोयीसाठी झाली, माणग्याच्या काठीला मिळणारे पैसे त्यामुळे थांबले नाहीत. बांबू माझ्याच वाट्यात आहे आणि तो धरला तर माझ्याच हाती येणारी रक्कम कमी होणार आहे. तरीही तो धरलाच पाहिजे, नाहीतर उद्या दादा हाच रिपोर्ट माझ्या तोंडावर मारेल. पुरवणी देतो म्हणाले आहेत, पण तिचे पैसे मागतात. मी देणार नाही. सगळी झाडं-झुडपं बघायला बोलावलं होतं, वनस्पतिशास्त्र शिकायला नव्हे.

आकडे असे निघाले. दादाच्या वाट्यातली झाडं ५ लाख १० हजारांची, धाकट्याकडचे माड, साग, फणस, रातांबे २ लाख ५५ हजारांचे, माझे काजू १५ हजारांचे. एकूण ७ लाख ८० हजार, म्हणजे प्रत्येकी २ लाख ६०. दादानं मला २ लाख ४५ हजार द्यायचे आणि धाकट्याला ५ हजार. धाकट्याला आपल्यालाही काही निघेल अशी कल्पनाच नव्हती, तो त्या पाच हजारांवर लाखाइतका खूश झाला. दादा चार दिवस गप्प होता. पाचव्या दिवशी तक्ता घेऊन बसला, एकेका झाडावर बोट ठेवून मला प्रश्न विचारले, तीन ठिकाणी खर्च कमी धरलाय म्हणाला, आणि मग एका ठिकाणी आपणच जास्त धरलाय असं निघाल्यावर तक्ता मिटून ठेवला. एजंटच्या बारा लाखांवर असं बोट ठेवून भांडता आलं नसतं. एक आकडा मान्य करा किंवा फेकून द्या, एवढंच हातात राहिलं असतं.

पाचपैकी साडेतीन तारे. शेतातलं काम साडेचारचं, कागदाचं दोनचं. ज्यांना फक्त बंगल्याच्या कुंपणातल्या चार-दोन नारळांची किंमत हवी आहे त्यांनी एवढा खर्च करू नये. भूसंपादनाची नोटीस आलेली असेल तर संयुक्त मोजणीच्या आधी असा झाडवार तक्ता स्वतःजवळ असावा, मोजणीच्या दिवशी पंचनाम्याशी ताडून बघता येतो. बोलावणार असाल तर चार गोष्टी आधीच लिहून घ्या: रिपोर्ट मराठीत, नंबरपट्ट्या न पुसणाऱ्या, नकाशा जोडलेला, आणि बांबू-सुपारी-केळीसकट सगळं मोजणार. सही-शिक्क्याच्या मूळ प्रती वाटेकरी जितके त्याहून एक जास्त मागा, आम्हाला ती तहसीलसाठी लागते आहे.

दादानं दीड लाख दिले आहेत, उरलेले आंब्याच्या हंगामानंतर. जमीन महसूल कायद्याच्या कलम ८५ चा वाटणीचा अर्ज तिघांच्या सह्यांनी तयार आहे. बांबूची पुरवणी आली, किंवा आलीच नाही, तर तसं खाली लिहीन.